राइडिंग मोअरचा डेक बेल्ट बदलायचा आहे – मदत हवी

देवराई

नमस्कार मंडळी,

आम्ही नॉर्थ कॅरोलायनात, एपेक्स गावाच्या थोडं बाहेर राहतो. जागा एकराहून जरा जास्त, निम्मी उताराची, आणि सगळीकडे टॉल फेस्क्यू. एप्रिल-मेमध्ये दोन चांगले पाऊस झाले की हे गवत बघता बघता घोट्याच्या वर येतं. ढकलायच्या मोअरने (गवत कापायच्या यंत्राने) एवढ्या जागेत निभाव लागत नाही. आमच्याकडे क्राफ्ट्समनचा जुना एलटी १००० आहे, बसून चालवायचा छोटा ट्रॅक्टर, ४२ इंची डेकचा (डेक म्हणजे पोटाखालचं लोखंडी कवच, ज्यात पाती फिरतात). घर घेतलं तेव्हा घराबरोबरच मिळाला.

शनिवारी गवत कापताना डेकखालून फटफट आवाज यायला लागला. पाठोपाठ जळक्या रबराचा वास आला आणि पाती थांबली. इंजिन चालू आहे, ट्रॅक्टर पुढे-मागे नीट जातोय, पण पाती जोडायचा लिव्हर ओढला तरी पाती फिरत नाहीत. वाकून पाहिलं तर काळा पट्टा तुटून डाव्या पुलीला गुंडाळलेला दिसला.

इथल्या एका दुरुस्तीवाल्याला फोन केला, तर जूनच्या मध्यापर्यंत तारीख नाही म्हणाला. तोवर इथे गुरं सोडावी लागतील. म्हणून हे काम घरीच करायचं ठरवलंय. सॉकेटचा सेट आहे, पाने आहेत, गाडीचा जॅक आहे.

विचारायचं ते असं. पट्टा नेमका कोणता घ्यायचा? त्यासाठी डेक बाहेर काढावाच लागतो का? आणि हार्डवेअरच्या दुकानात त्याच लांबीचा स्वस्त पट्टा मिळतो, तो चालेल का?

रानजाई

देवराई, ट्रॅक्टर चालतोय ना, मग चाकांचा पट्टा शाबूत आहे. या यंत्रांत दोन पट्टे असतात. इंजिनाच्या दांड्यावर खालच्या बाजूला एकाखाली एक अशा दोन खाचांची पुली असते. वरच्या खाचेतला पट्टा मागे गिअरबॉक्सकडे जातो आणि खालच्या खाचेतला डेककडे. तुमचा डेककडचा गेलाय. दोन्हींत हाच पट्टा बदलायला सोपा.

पट्टा मागवण्याआधी सीट उचलून खालची पट्टी वाचा, तिच्यावर मॉडेल नंबर असतो. क्राफ्ट्समन हे नाव तेव्हा सीअर्स या दुकानांच्या साखळीचं होतं, पण ट्रॅक्टर सीअर्स स्वतः बनवत नसे. नंबर ९१७ ने सुरू होत असेल तर यंत्र हस्क्वार्ना (आधीची इलेक्ट्रोलक्स) घराण्यातलं. २४७ ने सुरू होत असेल तर एमटीडी कंपनीचं. रंग तोच, नाव तेच, डेकही ४२ इंचीच, तरी एकाचा पट्टा दुसऱ्याला बसत नाही. लोक नुसतं 'क्राफ्ट्समन ४२ इंच' एवढ्यावर पट्टा मागवतात आणि मग परत पाठवत बसतात.

९१७ असेल आणि पाती हाताच्या लिव्हरने जोडायची असतील, तर बहुतेक १४४९५९ नंबरचा पट्टा लागेल. हस्क्वार्नाच्या यादीत त्याच आकड्याच्या आधी ५३२ लावलेलं असतं, वस्तू तीच. तरी आपला पूर्ण मॉडेल नंबर टाकून एकदा ताडून घ्या.

चिंचबन

एवढं कशाला? हार्डवेअरच्या दुकानात ४एल९५० मागा. अर्धा इंच रुंद, ९५ इंच लांब. मी तोच लावतो, एक उन्हाळा आरामात निघतो.

कृष्णाकाठ

मी सांगलीजवळ असतो. असला मोअर मी प्रत्यक्ष पाहिलेला नाही, पण घरची पिठाची गिरणी आहे आणि व्ही-पट्ट्यांत सगळा जन्म गेला, म्हणून लिहितो.

चिंचबन यांनी दिलेला आकडा बरोबर आहे. ४एल म्हणजे वरची रुंदी अर्धा इंच आणि ९५० म्हणजे बाहेरून मोजलेली लांबी ९५.० इंच. आपल्याकडे फेनर वगैरे कंपन्यांच्या पट्ट्यांवर ए, बी, सी असं लिहिलेलं असतं आणि पुढचा आकडा आतल्या लांबीचा. ए पट्ट्यात आतली आणि बाहेरची लांबी यांत साधारण दोन इंचांचा फरक पडतो, म्हणून ४एल९५० च्या जवळचा आपला पट्टा ए९३. गिरणीला बी पट्टा लागतो, तो याहून रुंद. हे अशासाठी सांगितलं की लांबी जुळवणं ही पट्टा निवडण्याची निम्मीच गोष्ट झाली.

उरलेली निम्मी आतल्या दोऱ्यांची. साध्या ४एल पट्ट्यात बहुधा पॉलिएस्टरचा दोरा असतो. पंखा, छोटा पंप, कॉम्प्रेसर अशा एका तालात चालणाऱ्या हलक्या कामाला तो उत्तम. मोअरच्या डेकमध्ये मात्र पट्ट्याचे हाल वेगळे असतात. एक तर आयडलर पुली (पट्ट्याला फक्त ताण देणारी मोकळी पुली) त्याच्या पाठीवरून दाबते, म्हणजे पट्टा एकदा पोटाकडे वाकतो आणि लगेच पाठीकडे. दुसरं, हाताच्या लिव्हरचं यंत्र असेल तर पाती जोडताना दरवेळी पट्टा क्षणभर घसरून मगच पकडतो. ती घासण सोसायला वरचं कापड तशा कामाचं लागतं. तिसरं, गवताचा दाट पुंजका आला की एकदम झटका बसतो. म्हणून अशा पट्ट्यांत अ‍ॅरॅमिडचा दोरा घालतात. केवलार म्हणतात तोच. तो ताणला जात नाही. पॉलिएस्टरचा लांबतो, सैल पडतो, घसरतो, तापतो, आणि एक उन्हाळा काढून जातो. चिंचबन यांचा अनुभव त्याच हिशोबात बसतो.

आता माझा खरा मुद्दा. देवराई, तुटलेला पट्टा फेकू नका. तो उन्हात धरून हातभर हातभर सरकवत नीट बघा. पट्टा का तुटला हे पट्ट्यावरच लिहिलेलं असतं. दोन्ही कडा काचेसारख्या चकचकीत झाल्या असतील तर तो बराच काळ घसरत होता, म्हणजे ताण कमी पडत होता किंवा पुलीची खाच झिजली होती. पोटाला आडव्या भेगा असतील तर वय झालं होतं. एकच कड उसवून दोरे लोंबत असतील तर पुल्या एका ओळीत नाहीत, किंवा पट्टा कुठेतरी लोखंडाला घासत होता. आणि बाकी पट्टा बरा, पण एकाच जागी खोल भाजल्यासारखा डाग असेल, तर कुठलीतरी पुली जाम होती आणि पट्टा एका जागी उभा राहून तिच्यावर जळत होता. यातलं काय दिसतं ते सांगा. कारण न शोधता नवा पट्टा चढवलात तर तोही त्याच वाटेने जाईल.

चिंचबन

काका, पटलं. दोऱ्यातला हा फरक मला कुणी सांगितला नव्हता. यंदा मूळ नंबरचा घेऊन बघतो.

देवराई

रानजाईताई, पट्टी सापडली, ९१७ च आहे. पट्टा १४४९५९ च निघाला आणि मागवला.

काका, तुमचं वाचून पट्टा कचऱ्यातून परत काढला. डाव्या-उजव्या दोन्ही कडा चकचकीत आहेत. तुटला त्याच्या अलीकडे वीतभर जागा काळी-करपलेली, तिथे बोट लावलं तर रबराचा भुगा निघतो आणि आतले पिवळट दोरे दिसतात. पोटाला भेगा नाहीत. आणखी एक दिसलं. लिव्हरबरोबर हलणाऱ्या हातावरची जी सपाट पुली आहे, ती हाताने फिरवली तर कर्रकर्र करत अर्धा फेरा जाते आणि अडकते.

कृष्णाकाठ

सापडला चोर. ती पुली मोकळी फिरायला हवी आणि आवाज मुळीच यायला नको. तिचं बेअरिंग गेलंय. आता बाकीच्या पुल्याही अशाच हाताने फिरवून बघा. एक बेअरिंग गेलं की सगळा ताण बिघडतो आणि शेजारच्यांवरही येतो.

रानजाई

आता डेक बाहेर काढाच. नुसता पट्टा बदलायला या मॉडेलमध्ये डेक काढावा लागत नाही, खाली वाकून हाताने चढवता येतो. पण पुली बदलायची आहे, स्पिंडल (पाती ज्यांवर फिरतात ते दांडे) तपासायचे आहेत आणि आत वर्षांचं गवत साठलेलं असणार. सगळं बाहेर काढून केलेलं काम एकदाच होतं.

सपाट जागी ट्रॅक्टर लावा, पार्किंग ब्रेक लावा, किल्ली काढून खिशात ठेवा. इंजिन गार होऊ द्या. मग स्पार्क प्लगची वायर काढून प्लगपासून लांब अडकवा. इंजिन दोन सिलिंडरचं असेल तर दोन्ही वायरी. ही पायरी कुणीही गाळू नका.

पात्यांचा लिव्हर बंद स्थितीत ठेवा, म्हणजे पट्टा सैल असतो आणि स्प्रिंगशी झटापट करावी लागत नाही. डेक सगळ्यात खालच्या उंचीवर आणा. पुढची चाकं पूर्ण डावीकडे वळवा, उजव्या बाजूने डेक सरकवायला वाट होते. आता मोबाइलवर फोटो काढा, वरून, डावीकडून, उजवीकडून, आणि इंजिनाच्या पुलीजवळ हात घालून खालूनही. पट्टा कुठल्या पुलीच्या आतून आणि कुठल्या पुलीच्या बाहेरून जातो हे परत बसवताना आठवत नाही. तुमचा तुटलेला आहे, त्यामुळे पुस्तकातला नकाशा लागेलच. मॉडेल नंबर टाकला की पुस्तक फुकट उतरवून घेता येतं.

डेक ट्रॅक्टरला लोंबकळत असतो. मागे दोन बाजूंचे दोन हात, पुढे दुवे आणि डेक डोलू नये म्हणून एक आडवा दांडा. सगळीकडे पिना आहेत आणि पिनांना केसांच्या पिनेसारख्या स्प्रिंगा. त्या पक्कडने ओढून काढा आणि एका वाटीत ठेवा, गवतात पडली की गेली. लिव्हरकडून येणारी जोडणीही सोडा. मग उंचीचा लिव्हर वर घ्या, म्हणजे मोकळे झालेले हात उचलले जातात, आणि डेक उजवीकडून ओढून काढा. लिव्हर सांभाळून सोडा, डेकचं वजन नसल्यामुळे तो स्प्रिंगच्या जोराने उसळतो.

जॅकची गरज नाही. कुणी जॅकवर ट्रॅक्टर उचलून खाली शिरत असेल तर कृपा करून शिरू नका. जॅक उचलण्यापुरता असतो, तोलून धरायला स्टँड लागतात.

पाऊलवाट

एक शंका. किल्ली काढली, इंजिन बंद आहे, मग प्लगची वायर काढायची खरंच गरज आहे का? बॅटरीशिवाय ते चालू कसं होणार?

रानजाई

पाऊलवाट, पट्टा ताणात असेल आणि तुम्ही खालून पातं हाताने फिरवलंत तर पट्ट्यामार्फत इंजिनाचा दांडाही फिरतो. सिलिंडरमध्ये पेट्रोलची वाफ उरलेली असते. किल्ली बंद असताना ठिणगी पडू नये अशी सोय यंत्रात असते, पण जुन्या ट्रॅक्टरात एखादी वायर तुटली किंवा स्विच बिघडला की ती सोय गेली. एक फटका पुरतो. अमेरिकेतल्या मानकाप्रमाणे पात्याच्या टोकाचा वेग मिनिटाला १९,००० फुटांपर्यंत असू शकतो, म्हणजे ताशी जवळजवळ ३५० किलोमीटर. वायर काढायला लागतात दहा सेकंद. यावर मला वाद नको.

माळरान

ताई, १००% सहमत. इथे टेक्सासात आमच्या ओळखीच्या एकांची दोन बोटं अशीच गेली.

देवराई

डेक बाहेर आला. कव्हरं काढली तर दोन्ही स्पिंडलच्या पुल्यांखाली वाळून घट्ट झालेल्या गवताच्या चकत्या निघाल्या, चिखलाने बांधलेल्या. खरवडून, ब्रश मारून, ब्लोअरने उडवून सगळं साफ केलं. डेकच्या पोटात तर इंचभर थर होता.

आता स्थिती अशी. उजवा स्पिंडल छान फिरतो. डावा फिरतो, पण किंचित घरघर आहे. पातं धरून वर-खाली हलवलं तर खेळ जाणवत नाही. दुसरी आयडलर पुली ठीक. पहिलीचं बेअरिंग तर तुकडेच. त्यावर ६२०३ असं काहीतरी वाचता येतंय. फक्त बेअरिंग आणू का पूर्ण पुली?

कृष्णाकाठ

६२०३ हे जगभर चालणारं बेअरिंग आहे, भोक १७ मिलिमीटर, बाहेरचा व्यास ४०, जाडी १२. सांगलीत कुठल्याही दुकानात मिळेल, तुमच्याकडेही मिळेल. पण तुमच्या पुलीत बेअरिंग कसं बसवलंय ते बघा. पत्र्याच्या दोन वाट्या एकमेकींना दाबून बेअरिंग मध्ये बंद केलेलं असेल तर उघडण्याच्या नादाला लागू नका, वाट्या वाकतात आणि पुली डुगडुगते. शिवाय पट्टा ज्या पृष्ठभागावर जळला तो आता खरखरीत झाला असेल. नवी पुलीच घ्या. घेताना व्यास कॅलिपरने मोजा. व्यास बदलला की पट्ट्याचा ताण बदलला. आणि जुनी सपाट असेल तर सपाटच घ्या, खाचेची नको.

डाव्या स्पिंडलचं सांगतो. खेळ नाही म्हणालात ते महत्त्वाचं. पातं नुसतं वर-खाली नको, आडवंही ढकलून बघा. दोन्हीकडे खेळ नसेल तर हा हंगाम तो काढेल, पण पुढच्या हिवाळ्यात बदलायच्या यादीत टाका. खेळ असेल तर आत्ताच.

आता पुल्यांच्या खाचा. व्ही-पट्टा पाचरीसारखा दोन्ही कडांनी पकडतो. त्याचं पोट खाचेच्या तळाला टेकता कामा नये. बॅटरीच्या उजेडात खाचेचा तळ बघा. तळ गंजका, मळकट असेल तर पुली चांगली. तळ घासून चमकत असेल तर पुली झिजलीय, पट्टा तळाला टेकून घसरत होता. तिथे कितीही भारी पट्टा घातला तरी घसरणारच.

देवराई

तळ मळकट आहे, दोन्हीकडे. आडवा खेळही नाही. सुटलो.

रानजाई

पुली येईपर्यंत आणखी दोन गोष्टी बघून ठेवा. आयडलरचा हात ज्या बोल्टवर फिरतो तिथे गंज असेल तर हात पूर्ण येत नाही आणि ताण अर्धवट राहतो. सोडून, घासून, ग्रीस लावून बसवा. स्प्रिंगचे आकडे ताणून उघडलेत का तेही पाहा. हाताच्या लिव्हरच्या या डेकवर स्पिंडलच्या पुल्यांना टेकणारे छोटे ब्रेक असतात, लिव्हर बंद केला की पाती थांबवायला. पाती जोडल्यावर ते पुलीपासून पूर्ण सुटायला हवेत. एखादा चिकटून राहिला तर पट्टा सतत ब्रेकशी भांडत राहतो.

आणि एक जिव्हाळ्याचं सांगते. डेक साफ करायला प्रेशर वॉशर वापरू नका, निदान वरून तरी. पाण्याचा तो झोत बेअरिंगच्या सीलमधून आत शिरतो, ग्रीस धुऊन काढतो आणि यंत्र चकचकीत दिसत असतानाच आतून गंजायला लागतं. खरवडणं, ब्रश आणि वारा. कंटाळवाणं आहे, पण बेअरिंगं वर्षानुवर्षं टिकतात.

नवा पट्टा चढवताना आधी डेकवरच्या आयडलरांमधून ओवा, मग डेक ट्रॅक्टरखाली सरकवून इंजिनाच्या पुलीवर, आणि शेवटी डाव्या स्पिंडलच्या पुलीवर लोळवत चढवा. पट्ट्याला पीळ पडलेला नको. पुल्यांशेजारी ज्या लोखंडी खुंट्या असतात, पट्टा सैल पडला तरी निसटू नये म्हणून, त्यांच्या आतूनच पट्टा गेला पाहिजे. बाहेरून गेला तर सुरू करताच खुंटी त्याला सोलून काढते. सगळं झालं की प्लगची वायर लावण्याआधी लिव्हर दोन-तीनदा जोडून-सोडून बघा, प्रत्येक खाचेत पट्टा बसलाय ना, ते डोळ्यांनी.

पाऊलवाट

पट्टा घसरू नये म्हणून फवारायचं द्रव्य मिळतं ना? ते मारलं तर?

कृष्णाकाठ

नको. ते चिकट असतं, त्यावर धूळ आणि गवत बसतं, शिवाय लिव्हर जोडताना जी थोडी घसरण हवी तीही जाते. घसरणारा पट्टा ताण मागतो किंवा नवी पुली मागतो.

देवराई

मंडळी, काम झालं. नवी पुली, नवा पट्टा, हाताच्या बोल्टला ग्रीस. लिव्हर ओढला आणि पाती एका आवाजात फिरायला लागली, आधीची ती घरघर गेली. सुरुवातीला थोडा रबराचा वास आला, दोन फेऱ्यांत थांबला.

पण आता कापलेल्या गवतात उंच-सखल ओळी दिसताहेत. उजवीकडे गवत बारीक, डावीकडे उंच, प्रत्येक फेरीला पायरीसारखी रेघ. हे आधी नव्हतं. पट्ट्याचा काही संबंध असेल का?

रानजाई

पट्ट्याचा नाही, डेक तिरका बसलाय. आधी टायरची हवा तपासा, एका मागच्या टायरमध्ये हवा कमी असेल तरी डेक तिकडे झुकतो. हवा पुस्तकात दिली आहे तेवढी भरा. मग सपाट सिमेंटवर प्लगची वायर परत काढून, जाड हातमोजे घालून, दोन्ही पाती आडवी करा आणि बाहेरच्या टोकांची जमिनीपासूनची उंची मोजा. डावं-उजवं सारखं हवं. मागच्या लोंबत्या दुव्यांवर फिरवायचे नट आहेत, त्यांनी एक बाजू वर-खाली होते. ते जुळलं की पाती पुढे-मागे फिरवून मोजा. पुढचं टोक मागच्यापेक्षा १/८ ते १/२ इंच खाली हवं. उलट झालं तर एकदा कापलेलं गवत पात्याचा मागचा भाग परत कापतो आणि इंजिनावर उगाच भार येतो.

आणि फेस्क्यू आहे तर फार खाली कापू नका. तीन-साडेतीन इंचांच्या खाली आलं तर तुमच्याकडच्या जुलैत ते पिवळं पडतं.

माळरान

हे फक्त फेस्क्यूसाठी हं. आमच्या बर्म्युडा गवताला दीड-दोन इंच आवडतं. धागा वाचून कुणी सरसकट तीन इंच करायला जाऊ नये.

देवराई

ताई, उजव्या मागच्या टायरमध्ये हवा फारच कमी होती, आणि वर दुवाही एक-दोन फेरे सैल. दोन्ही नीट केल्यावर रेघ गेली. उंची साडेतीनवर ठेवली आहे.

पट्ट्याचा आणि पुलीचा नंबर, बसवल्याचा महिना, सगळं बॉनेटच्या आतल्या बाजूला पांढऱ्या मार्करने लिहून ठेवलं. एक जादा पट्टा मागवून गॅरेजमध्ये टांगलाय. पाती जोडताना काही वेगळी काळजी घ्यायची का?

रानजाई

थ्रॉटल (इंजिनाचा वेग कमी-जास्त करायचा दांडा) मध्यावर ठेवून पात्यांचा लिव्हर सावकाश ओढा, पाती फिरायला लागली की थ्रॉटल पूर्ण वर न्या आणि पूर्ण वेगावरच कापा. उंच गवतात उभं राहून पाती जोडू नका, कापलेल्या जागेवर जोडून मग आत शिरा. सकाळच्या दवात कापायचं टाळा. तासाभराच्या कामानंतर एकदा कव्हर काढून पट्टा खुंट्यांना कुठे घासतोय का ते बघा, रबराची काळी भुकटी दिसली तर इथे फोटो टाका. आणि जादा पट्टा खिळ्यावर टांगला असेल तर तो रुंद खुंटीवर टांगा, खिळ्यावर एकाच जागी कायमचा वाकतो.